काळं बटण

ताईंचं भाषण ड्रायव्हरला तोंडपाठ होतं. कुठे थांबायचं, कुठे चष्मा काढायचा, कुठे आवाज खाली आणायचा, सगळं. कुठल्यातरी कारखान्याच्या आवारात उभ्या राहून ताई "ज्यांचे हात राबतात, मालकी त्यांचीच हवी!" म्हणायच्या, तेव्हा मागे व्हॅनला टेकून उभा असलेला ड्रायव्हर तेच वाक्य त्यांच्या आधी ओठांतल्या ओठांत म्हणून मोकळा व्हायचा. ताईंना हे ठाऊक होतं. त्यांना त्याचं कौतुकच वाटायचं.

भाषणात जोर होता, कारण त्यामागे उभ्या जन्माचं काम होतं. सुरुवात एका लाँड्रीपासून झाली. ताई तेव्हा तरुण होत्या आणि नवऱ्याचे शर्ट आणायला गेल्या होत्या. बघतात तर दार अर्धं ओढलेलं आणि इस्त्री करणाऱ्या बायका बाहेर गाठोड्यांवर बसलेल्या. मालक धंदा गुंडाळून मुलाकडे राहायला निघाला होता. "आता आमचं काय?" असं त्या बायका एकमेकींना विचारत होत्या. ताईंना कुणीही काही विचारलेलं नव्हतं, पण ताईंनी तो प्रश्न अंगावर घेतला. शर्ट राहिले बाजूला. लाँड्री त्या बायकांच्या मालकीची होईपर्यंत ताईंनी ना स्वतःला स्वस्थ बसू दिलं, ना घरच्यांना.

लाँड्रीच्या पहिल्या सभेत सगळ्या जणी एकदम बोलायला लागल्या. कुणाचं कुणाला ऐकू येईना. शेवटी सगळ्यांत थोरल्या मावशींनी वैतागून कपाटावरची जुनी कोळशाची इस्त्री उचलली आणि ठणकावलं, "जिच्या हातात ही, तिनंच बोलायचं. हात दुखला की बोलणं संपलं." त्या दिवशी सभा वेळेत आटोपली. मत द्यायला गिऱ्हाइकांच्या कपड्यांची गळून पडलेली बटणं कामी आली. पांढरं म्हणजे हो, काळं म्हणजे नाही. ताईंनी दोन्ही पद्धती नियमांत घातल्या आणि पुढे जिथे जिथे गेल्या तिथे तिथे नेल्या. बेकरी झाली, छापखाना झाला, खुर्च्यांचा कारखाना झाला. लाँड्रीवाल्यांनी ती मूळची इस्त्री आणि बटणांचे दोन डबे या कामासाठी ताईंनी काढलेल्या ऑफिसला भेट दिले.

आता एक बारीकशी गोष्ट. इस्त्री ताईंनी स्वतः कधी धरली नाही. त्या बाजूला उभ्या राहून बोलायच्या. "मी कुठे सभासद आहे? मी आपली नुसती समजावून सांगतेय," असं म्हणायच्या आणि तासभर समजावून सांगायच्या. आणि भाषणाच्या शेवटी मान ताठ करून एक वाक्य हमखास यायचं, "आमच्या एकाही संस्थेत आजवर काळं बटण पडलेलं नाही!" त्यावर टाळ्या पडायच्या.

असंच एकदा भाषण करून परत येताना ड्रायव्हरनं गाडी चालवता चालवता विचारलं, "ताई, आपल्या ऑफिसचे मालक कोण?"

"संस्था."

"संस्था म्हणजे कोण?"

"म्हणजे..." ताई खिडकीबाहेर बघायला लागल्या. "म्हणजे तशी मीच की."

"हां," ड्रायव्हर म्हणाला आणि त्यानं गिअर बदलला. त्यानं आणखी काही विचारलं असतं तर बरं झालं असतं, असं ताईंना वाटून गेलं.

दुसऱ्या दिवशी ऑफिसातले तिघंही त्यांच्या टेबलासमोर येऊन उभे राहिले. ड्रायव्हर, हिशेबनीस आणि पत्रव्यवहार बघणारी चिमणी. चिमणी हे काही तिचं खरं नाव नव्हे. आवाज इतका बारीक की फोनवर लोक तिला "घरात कुणी मोठं आहे का?" असं विचारायचे, म्हणून हे नाव. हिशेबनीस घसा खाकरून म्हणाले, "ताई, आम्हाला वाटतं की आपलं ऑफिसही सगळ्यांच्या मालकीचं व्हावं."

"अरे, पण तुम्ही म्हणजे माझं कुटुंबच आहात!" ताई म्हणाल्या. "मला जरा विचार करू द्या."

घरी जाऊन त्यांनी हे सगळं नवऱ्याच्या कानावर घातलं. नवरा चित्रकलेचा निवृत्त मास्तर. तो खिडकीशी बसून पेन्सिलीला टोक करत होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि टोक निरखत म्हणाला, "बेकरीवालाही हेच म्हणाला होता ना? माझं कुटुंबच आहे, विचार करू द्या."

"त्याची गोष्ट वेगळी होती!"

"तू त्याला काय म्हणाली होतीस, आठवतं?"

ताईंना चांगलं आठवत होतं. कुटुंब आहे म्हणता, मग घरात त्यांना विचारता का, असं त्या बेकरीवाल्याला भर दुकानात, गिऱ्हाइकांसमोर म्हणाल्या होत्या. त्या बिचाऱ्याचा चेहरा पावासारखा फुगला होता. त्या रात्री ताईंनी रागारागानं पांघरूण डोक्यावर ओढून घेतलं. पण बाई मुळात सच्च्या होत्या. सकाळी ऑफिसात पाऊल टाकल्या टाकल्या त्यांनी जाहीर केलं, "झालं! आजपासून ऑफिस आपल्या सगळ्यांचं!" आणि स्वतःच टाळ्या वाजवल्या.

तिघांनीही टाळ्या वाजवल्या. मग तिघंही एकमेकांकडे बघायला लागले.

"आता काय?" ताईंनी विचारलं.

"ताई," चिमणी म्हणाली, "तो नियम आहे ना. जुन्या मालकाचा."

नियम ताईंनीच केलेला होता, तोही बेकरीच्या वेळी. जागा कामगारांची झाली की जुना मालक आपोआप सभासद होत नाही. त्यानं नव्या माणसासारखं सहा महिने पडेल ते काम करायचं, आणि मग बटणं टाकून सगळ्यांनी ठरवायचं. सगळी बटणं पांढरी हवीत. एक जरी काळं पडलं तरी आणखी तीन महिने, आणि काळं टाकणाऱ्यानं इस्त्री हातात धरून कारण सांगायचं. बेकरीवाल्यानं "निदान माझ्या वयाचा तरी विचार करा" म्हणून पाहिलं होतं. ताई म्हणाल्या होत्या, "नियम म्हणजे नियम." त्यानं मुकाट्यानं सहा महिने कणीक तिंबली होती.

"अर्थातच," ताई म्हणाल्या. "अर्थातच. नियम म्हणजे नियम."

तिघांचा जीव भांड्यात पडला. ताईंचा मात्र टांगणीला लागला. ज्या खोलीत त्यांचं आयुष्य गेलं, तिथे आपण राहायचं की नाही हे आता बटणं ठरवणार होती.

पहिल्याच सभेत आतल्या खोलीतलं ताईंचं टेबल बाहेर काढायचं ठरलं. ती खोली सभेला हवी होती. ताईंची खुर्ची बाहेर फोनजवळ आली. त्यांच्या वाट्याला कामं आली ती अशी: फोन घेणे, कागदांच्या प्रती काढणे, कप विसळणे आणि बाहेर जाताना इस्त्रीची पिशवी उचलणे. प्रती काढायच्या यंत्राशी ताईंचं पहिल्या दिवसापासून वाकडं. त्या एक बटण दाबायच्या आणि यंत्र त्यांच्या हाताच्या पंजाचं चित्र बाहेर टाकायचं. असे पंजे इतके साठले की हिशेबनीस त्यांच्या मागच्या बाजूला आकडेमोड करायला लागले. फोन मात्र ताई झकास घ्यायच्या, फक्त ठेवायच्या नाहीत. सभेत तर त्यांची दैना व्हायची. इस्त्री हिशेबनीसांच्या हातात असायची आणि तोंड ताईंचं उघडायचं. मग तिघंही नुसते इस्त्रीकडे बघायचे. ताई तोंड मिटायच्या, पण त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या.

एकदा बेकरीवाला सहज म्हणून आला. तो आता बेकरीतला सगळ्यांत आनंदी सभासद होता. अंगानं बारीक झाला होता आणि दुपारची झोप गाढ लागते म्हणून सगळ्यांना सांगत सुटायचा. मोरीशी कप विसळणाऱ्या ताईंना बघून त्याला कोण आनंद झाला!

"माझ्या वेळी कणीक, तुमच्या वेळी कप," तो म्हणाला. "अहो, आतून घासा, आतून. चहाचा डाग तळाला धरतो."

"हसून घ्या," ताई म्हणाल्या. "तुम्हाला निदान सगळी पांढरी पडली. माझं काय होतंय कुणास ठाऊक."

"मला पांढरी पडणारच होती." त्यानं पुडक्यातला गरम पाव काढून ताईंच्या हातात दिला. "तुम्ही समोर बसला होतात ना. तुमच्यादेखत काळं टाकायची कुणाची छाती होती? खरं सांगू? मला मत असतं तर मी स्वतःलाच काळं टाकलं असतं. तेव्हा मी सगळ्यांवर नुसता ओरडायचो. आणखी तीन महिने कणीक तिंबायला हवी होती मी."

ताई पाव खायच्या थांबल्या. "काहीतरीच बोलता," त्या म्हणाल्या आणि पुन्हा कप घ्यायला वळल्या. पण ते बोलणं त्यांच्या डोक्यातून काही जाईना.

सहावा महिना लागला आणि छत्र्यांच्या कारखान्याचं काम आलं. मालक थकला होता आणि कामगारांना काहीतरी करायचं होतं, पण काय ते कळत नव्हतं. बोलायला चिमणीनं जायचं, असं सभेत ठरलं. ताई म्हणाल्या, "मी?" तिघांनी इस्त्रीकडे बघितलं. ताई पिशवी उचलायला गेल्या.

कारखाना म्हणजे एक लांबलचक खोली. एका बाजूला शिवणाची यंत्रं, दुसऱ्या बाजूला काड्या बसवणाऱ्यांची बाकं, आणि वर दोरीला उघड्या छत्र्या टांगलेल्या. सगळे अर्धवर्तुळ करून बसले. चिमणी इस्त्री घेऊन उभी राहिली. ती दोन वाक्यं बोलली आणि तिसरं विसरली. मागे पिशवी घेऊन बसलेल्या ताईंनी तिसरं वाक्य मनातल्या मनात म्हटलं. दाराशी ड्रायव्हरनंही म्हटलं.

काड्या बसवणाऱ्यांतल्या एकानं विचारलं, "मालक गेले तर काड्या आणायच्या कुठून? ओळखी त्यांच्या."

"मला नाही माहीत," चिमणी म्हणाली आणि इस्त्री त्याच्याकडे सरकवली. "तुम्हाला काय वाटतं?"

ताईंनी कपाळाला हात लावला. अशा प्रश्नाचं उत्तर त्यांच्याकडे तयार होतं. पण तो माणूस इस्त्री हातात तोलत म्हणाला की मालकांच्या ओळखी आहेत खऱ्या, पण माल उतरवून घ्यायला नेहमी मीच जातो. मग शिवणाऱ्या एका बाईनं इस्त्री हिसकावून घेतली. तू माल उतरवतोस आणि मोडक्या काड्या आमच्या माथी मारतोस, असं तिनं त्याला सुनावलं. त्यावर तिसरा उठला. बघता बघता जोरदार भांडण जुंपलं. इस्त्री या हातातून त्या हातात फिरत होती आणि लोक पुढे सरसावून बसले होते. कापड कुणी निवडायचं, लहान मुलांच्या छत्र्या काढायच्या की नाही, एकेक गोष्ट निघत होती. चिमणी नुसती मान वळवून वळवून ऐकत होती.

तेवढ्यात एक म्हातारे गृहस्थ म्हणाले, "एकच माणूस कायमचा वर बसवून टाका. रोजची कटकट नको."

इथे ताईंचा बांध फुटला. पिशवी खाली पडली, ताई उठल्या आणि इस्त्रीकडे ढुंकूनही न बघता अर्धवर्तुळाच्या मधोमध जाऊन उभ्या राहिल्या. "ज्यांचे हात राबतात..." तिथून जी गाडी सुटली ती थेट टाळ्यांपाशी थांबली. चष्मा काढून झाला, आवाज खाली आणून झाला. मोठं सुरेख भाषण झालं. सगळ्यांच्या माना डोलल्या. मोडक्या काड्यांवरून भांडणारी बाईही डोलत होती. ताई थांबल्या आणि त्यांनी विचारलं, "कुणाला काही शंका?" कुणाला काही नव्हती.

परतीच्या वाटेवर ताई व्हॅनमध्ये पुढे, ड्रायव्हरशेजारी बसल्या.

"कसं झालं?" ताईंनी विचारलं.

"छान," ड्रायव्हर म्हणाला. त्याची नजर रस्त्यावरच होती. चिमणी मागच्या सीटवर इस्त्री मांडीवर घेऊन बसली होती. ताईंनी आरशात तिच्याकडे बघितलं तेव्हा तिनं डोळे पुसले. आता मात्र ताईंना वाईट वाटलं. काय चुकलं ते त्यांना त्या क्षणीच कळलं होतं, आणि कळूनही आता काही करता येण्यासारखं नव्हतं.

मताच्या दिवशी सभेची तयारी करणं हे नव्या माणसाचं काम. म्हणजे ताईंचंच. त्यांनी खोली झाडली, खुर्च्या मांडल्या, टेबलावरची इस्त्री पुसली. पांढऱ्या बटणांचा डबा उघडला. वापरून वापरून त्याचं झाकण सैल झालं होतं. मग काळ्यांचा डबा घेतला. तो उघडेना. झाकण गंजून चिकटलं होतं. ताईंनी पदर लावून पाहिला, टेबलाच्या कडेवर ठोकून पाहिला. नियमानं प्रत्येकाला दोन्ही रंगांचं एकेक बटण द्यायचं, पण सगळे हो म्हणणार हे धरून आजवर पांढरीच वाटली जायची; इतक्या वर्षांत हा डबा कुणी उघडलाच नाही, हे त्यांच्या तेव्हा लक्षात आलं. काळं बटण पडलं नाही म्हणून त्या टाळ्या घेत फिरत होत्या, आणि इथे झाकणच निघत नव्हतं!

उघडायचाच नाही, असंही करता आलं असतं. डबा उघडत नाही, पांढऱ्यांवर भागवू या, असं म्हटलं असतं तर तिघंही हो म्हणाले असते. ताई डबा हातात धरून उभ्या राहिल्या. त्यांना सभासद व्हायचं होतं. फार व्हायचं होतं. मग त्यांनी चमचा घेतला, त्याची दांडी झाकणाच्या फटीत घातली आणि सगळा जोर लावला. झाकण टणकन उडालं आणि काळी बटणं खोलीभर पसरली. ड्रायव्हर आत आला तेव्हा ताई कपाटाखाली अर्ध्या शिरल्या होत्या.

"काय शोधताय?"

"काळी बटणं," ताई आतून म्हणाल्या. "त्या खुर्चीखाली बघ रे जरा."

दोघांनी मिळून बटणं गोळा केली. शेवटचं बटण त्यालाच सापडलं. ते त्यानं डब्यात टाकलं नाही, नुसतं तळहातावर ठेवून बघत राहिला.

मत झालं. प्रत्येकानं एक पांढरं आणि एक काळं मुठीत घेतलं, रुमालाखालच्या वाडग्यात एक टाकलं, दुसरं मुठीतच ठेवलं. हिशेबनीसांनी रुमाल उचलला. दोन पांढरी, एक काळं.

चिमणी असणार, ताईंना वाटलं. तिचं बरोबरच आहे. पण उठला तो ड्रायव्हर. त्यानं इस्त्री उचलली आणि छातीशी धरली.

"ताई, मी इतकी वर्षं व्हॅनला टेकून सभा बघतोय," तो म्हणाला. "आपल्या सभेत लोक भांडताना मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितले. मला मजा वाटली. मला वाटलं, हे लोक करतील काहीतरी. मग तुम्ही बोललात आणि सगळे माना डोलवायला लागले. मीसुद्धा डोलवली. मला भाषण पाठ आहे, तरी डोलवली." इस्त्रीच्या वजनानं त्याचा हात खाली यायला लागला होता. त्यानं दुसरा हात लावला. "तुम्ही नको आहात असं नाही. तुम्ही नसलात तर मी गाडी कुणासाठी काढू? पण ताई, अजून तीन महिने कप विसळा."

एवढं बोलून तो मटकन खाली बसला आणि खिशातून रुमाल काढून तोंड पुसायला लागला.

ताईंनी तोंड उघडलं. तिघांनी इस्त्रीकडे बघितलं. ताईंनी तोंड मिटलं, पुढे झाल्या आणि आयुष्यात पहिल्यांदा बोलण्यासाठी इस्त्री हातात घेतली. त्यांचा हात सपकन खाली गेला.

"अगं बाई, पिशवीत उचलते तेव्हा एवढी जड लागत नाही ही!" त्या म्हणाल्या. "लोक हिच्यासकट बोलतात तरी कसं?"

"थोडंच बोलतात," हिशेबनीस म्हणाले.

चिमणीला आधी हसू फुटलं. मग सगळ्यांनाच. ताईही हसल्या आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. "मान्य," एवढंच त्या म्हणाल्या. "आणि चिमणे, छत्रीवाल्यांकडे तू परत जा. मी पिशवी घेऊन बाहेर थांबेन, व्हॅनपाशी." मग त्यांनी इस्त्री खाली ठेवली, कारण हात खरंच दुखायला लागला होता.

घरी नवरा वाट बघत होता. त्यानं चक्क दार उघडून ठेवलं होतं.

"काय झालं?"

"नापास," ताई म्हणाल्या आणि खुर्चीत बसून खो खो हसायला लागल्या.

"अगं, मग हसतेस काय?"

"अहो, तो मला नाही म्हणाला! माझ्या तोंडावर! मी कुठे कुठे जाऊन लोकांना सांगितलं, मालकासारखं बोला, मालकासारखं बोला. सगळे हो म्हणायचे. हो म्हणून गप्प बसायचे. आज पहिल्यांदा एक जण खराखुरा मालकासारखा बोलला." त्यांनी डोळे पुसले. "आणि तो माझ्याच ऑफिसातला निघाला."

नवऱ्यानं पेन्सील बाजूला ठेवली आणि त्यांच्या दुखऱ्या हातावर हात ठेवला. ताईंना वाईटही वाटत होतं आणि आनंदही झाला होता, पण आनंद काकणभर जास्तच होता.

सकाळी त्या सगळ्यांच्या आधी ऑफिसात पोचल्या. काळ्या बटणांचा डबा कपाटात ठेवताना त्यांनी झाकण दाबून बसवलं नाही, नुसतं वर टेकवलं. मग पदर खोचून मोरीशी उभ्या राहिल्या. ड्रायव्हर आला, जरा दाराशी घुटमळला. मग त्यानं पुढे होऊन विसळलेला एक कप उचलला, उजेडात धरून आत बघितलं आणि ताईंच्या हातात परत दिला.

"तळाशी डाग राहिलाय," तो म्हणाला.

"दे इकडे," ताई म्हणाल्या आणि कप पुन्हा घासायला घेतला.